एल्वुडची लाल काडी

एल्वुडने पाळणा विणायला रेडबडच्या झुडपाच्या काड्या तोडून आणल्या त्या ऐन फुलोऱ्यात, आणि तिथेच त्याने माती खाल्ली.

वर्नाताईने भावाला काड्या तोडून आणायला डिसेंबरातच सांगून ठेवलं होतं. तिचा गुडघा नुकताच बदललेला, नातीचं बाळंतपण मे महिन्यात, आणि घरचं बाळ विणलेल्या पाळण्यातच निजणार. पण डिसेंबरात झुडपांची पत्त्यातल्या बदामाच्या आकाराची पानं गळून गेलेली. एल्वुडला सगळ्याच काटक्या सारख्या दिसल्या. तीस वर्षं त्याने सिएरा डोंगरांच्या पायथ्याशी रस्त्याच्या कडा यंत्राने साफ केल्या, पण झाड ओळखायची वेळ कधी आली नव्हती. फुलू दे, आपोआप कळेल, असं त्याने ठरवलं. मार्चमध्ये झुडपं गुलाबी झाली, तसा तो पिकअप भरून हजर.

वर्नाताईने एका काडीला नख लावलं. साल केळ्यासारखी सुटली.

"अरे शहाण्या, थंडीत तोडली तर साल काडीला धरून राहते. लाल रंग त्या सालीचा असतो!"

"सोललेली पांढरी काडीही लागतेच की, ताई."

"मुलगी होणारेय. मुलीच्या पाळण्याच्या टपावर लाल नागमोडी नक्षी नको? आणि असल्या वाकड्या फांद्यांचा पाळणा करू की कावळ्याचं घरटं? थंडीत चपट्या शेंगा लटकत होत्या, त्याही दिसल्या नाहीत? जा, फुलं तेवढी सॅलडमध्ये टाक."

चिरून गुंडाळून ठेवलेल्या लाल काडीची वेटोळी गावात एकाच घरी होती. लोरीनमावशीकडे. तिच्याकडून सुईसुद्धा सुटत नसे. एल्वुड टोपी काढून दारात उभा राहिला.

"आमची झुडपं यंत्राने बुंध्यापासून छाटायचा, तो तूच ना?"

एल्वुडने मान खाली घातली.

"लाजतोस काय? तू छाटायचास म्हणून सरळसोट कोंब फुटायचे. रिटायर झालास आणि सगळी वाकडी झाली." मावशीने त्याची हनुवटी धरून तोंड उघडायला लावलं. "हं. दात शाबूत आहेत. काडी दातात धरून तीन भागांत चिरायची असते. माझे दोनच उरलेत. आज एक वेटोळं ने. डिसेंबरात एक परत. तू तोडलेलं, तू चिरलेलं."

मेमध्ये बाळ लाल नक्षीखाली गाढ झोपलं. त्याआधीच एल्वुडने सात झुडपं बुंध्याशी छाटली होती आणि ओळख राहावी म्हणून प्रत्येकाला जुन्या शर्टाची चिंधी बांधली होती. डिसेंबरात कोंब काठीसारखे सरळ निघाले. साल घट्ट, लाल.

तिसरीच काडी चिरताना त्याचे पुढचे दोन दात हलले.

"मावशी, दातांच्या डॉक्टरकडे जाऊन येतो."

"आधी वेटोळं."

वेटोळं अर्धं झालंय. अर्धं अजून बाकी आहे.