सत्तेचाळीस नंबरची पँट

माझ्या आत्याला क्रिकेटमधलं ओ की ठो कळत नव्हतं आणि त्याची तिला काडीची खंत नव्हती. आतोबा टीव्हीसमोर बसले की ती येता-जाता एकच विचारायची, "अजून संपलं नाही का?" लग्नाला एकतीस वर्षं झाली, प्रश्न तोच राहिला. आतोबांनी उत्तर देणं केव्हाच सोडून दिलं होतं.

आत्याची लाँड्री होती. रस्त्यावरून एक पायरी उतरून आत जायचं. पुढे काउंटर, मागे धुलाईची दोन यंत्रं, वाळवायचं एक, भिंतीकडेला इस्त्रीची लांब टेबलं आणि डोक्यावर छतभर लोखंडी दांड्या. काउंटरवर मी बसायचे. पावत्या फाडायच्या, कपड्यांना चिठ्ठ्या टाचायच्या आणि "परवा नक्की" असं सांगायचं, एवढं माझं काम. आतोबा पोस्टातून निवृत्त झाल्यापासून इस्त्रीला उभे राहायचे. आत्या मात्र डागांची मालकीण. कपडा उजेडात धरायचा, अंगठ्याने चोळायचा, नाकाशी न्यायचा आणि सांगायचं, हा चहा नाही, कॉफी आहे, आणि सांडून तीन दिवस झालेत. गिऱ्हाईक कबूल व्हायचं. एका बाईंच्या नवऱ्याच्या सदऱ्यावरचा डाग तिने असा काही ओळखला की पुढे सहा महिने त्या घरात शांतता नव्हती. तेव्हापासून ती विचारल्याशिवाय डागाविषयी बोलत नसे.

अशा दुकानात एका सकाळी क्रिकेट आलं. आमच्या शहराचा संघ तेव्हा लीगमध्ये नव्यानेच उतरला होता. सगळीकडे त्यांचे फलक, जाहिराती, गाणी. हंगाम सुरू व्हायला चार दिवस असताना संघाच्या सामानाची व्यवस्था बघणारा एक घामाघूम माणूस दोन मोठ्या बॅगा घेऊन पायरी उतरला. हॉटेलच्या धुलाईत गरम इस्त्रीने अर्ध्या शर्टांवरचे नंबर वितळले होते. नवे शर्ट आणले होते, पण ते परत हॉटेलात द्यायची त्याची छाती होत नव्हती. आत्याने शर्ट उलटा केला, शिवण पाहिली, रंग पाहिला. रंग अगदी फिकट आकाशी, शर्टही तसाच आणि पँटही.

"हा रंग ज्याने निवडला," ती म्हणाली, "त्याने जन्मात कधी रुमालसुद्धा धुतलेला नसणार."

काम मात्र तिने घेतलं. सगळ्या हंगामाचं. बाहेरगावच्या सामन्यांचे कपडेही बॅगांत भरून तिच्याकडेच परत यायचे असं ठरलं.

आतोबांना स्वर्ग दोन बोटं उरला. कप्तानाचा सात नंबरचा शर्ट आला की ते बाकीचे कपडे बाजूला सारायचे, हात पुसायचे आणि शर्ट उलटा करून इतक्या हळुवार इस्त्री फिरवायचे की मला वाटायचं, आता अंगाई म्हणतील. खेळाच्या पँटला कोणी घडीची इस्त्री करत नाही, पण हे करायचे. सुरीने कापल्यासारखी घडी. सामानवाला म्हणाला, काका, एवढं नका करू, ते धावणार आहेत त्यात. आतोबा म्हणाले, धावू देत की, पण रुबाबात धावू देत.

पहिला सामना हरले. आतोबा म्हणाले, खेळपट्टी समजायला वेळ लागतो. दुसरा हरले. ते म्हणाले, नाणेफेक गेली. तिसरा हरल्यावर पंच वाईट निघाले, चौथ्याला वारा. पाचव्यानंतर त्यांची कारणं संपली आणि ते बोलेनासे झाले. राग सगळा इस्त्रीवर निघायला लागला. एकदा सात नंबरच्या शर्टावर त्यांनी इस्त्री अशी काही दाबली की आत्याने ती त्यांच्या हातातून काढून घेतली आणि त्यांना मागे बादल्या भरायला पाठवलं.

तिकडे संघातही सगळे बिथरले होते. एका फलंदाजाने चिठ्ठी पाठवली की माझा शर्ट दोनदा धुवा, त्यात काहीतरी अडकलंय. आत्याने चिठ्ठी वाचली, शर्ट एकदाच धुतला आणि चिठ्ठीमागे लिहून पाठवलं की खिसे तपासले, काही अडकलेलं नाही.

याच सुमारास तिचं एका गोष्टीकडे लक्ष गेलं. बॅग रिकामी केली की ती कपड्यांचे ढीग लावायची, कमी मळलेले एकीकडे, जास्त मळलेले दुसरीकडे. पहिला ढीग दर वेळी डोंगराएवढा व्हायचा आणि दुसऱ्यात एकच पँट पडायची. सत्तेचाळीस नंबरची. दोन्ही गुडघे हिरवे, उजवी मांडी हिरवी, कोपरापाशी शर्ट घासलेला. गवताचा डाग हट्टी. त्याला आधी स्पिरिटने टिपायचं, मग थंड पाणी. गरम पाण्यात पडला तर तो कायमचा घर करून राहतो. आत्या दर वेळी त्या एका पँटसाठी पाऊण तास बसायची.

एका दुपारी तिने आतोबांना विचारलं, हा सत्तेचाळीस कोण. आतोबांना आधी कानांवर विश्वास बसेना, कारण एकतीस वर्षांत आत्याने एखाद्या खेळाडूची चौकशी केली नव्हती. मग ते म्हणाले, कोणी नाही गं, तो खेळत नाही. बाकावर बसतो.

"बाकावर गवत उगवलंय का?"

तेव्हा आतोबांनी समजावून सांगितलं. हा राखीव माणूस. वयाने बत्तीसचा, पुष्कळ वर्षं लहानसहान संघांतून खेळलेला, कुठल्याही फलकावर ज्याचं तोंड नाही असा. कोणाचा पाय दुखला, कोणाला पाच मिनिटं आत जायचं असलं, की तेवढ्यापुरता हा मैदानात यायचा आणि क्षेत्ररक्षण करून परत जायचा. फलंदाजी नाही, गोलंदाजी नाही. म्हणजे पाच मिनिटांत हा एवढा लोळतो, आत्या म्हणाली, आणि उरलेले अकरा जण पूर्ण वेळ उभे राहून कोरे परत येतात. आतोबा इस्त्री उचलून पुढच्या शर्टाकडे वळले.

आठवा सामनाही गेला. त्यानंतर दोन दिवसांनी सामानवाला आजारी पडला आणि धुतलेल्या दुसऱ्या जोडांची बॅग न्यायला स्वतः कोच आले. उंच, वाकलेला माणूस, डोळ्यांखाली काळी वर्तुळं. शर्टांवर एक नवी पट्टी शिवायची होती, तिला अर्धा तास लागणार होता. मी त्यांना स्टूल दिलं. आतोबा त्यांना पाहून इस्त्री उभी करून जे उभे राहिले ते राहिलेच. कोच बसून राहिले, यंत्रात फिरणारे कपडे बघत. मग बहुधा काहीतरी बोलायचं म्हणून त्यांनी आत्याला विचारलं, लोक काय म्हणतात आमच्याबद्दल.

आत्या म्हणाली, लोकांचं मला माहीत नाही आणि खेळातलं मला कळत नाही. शिवणयंत्र थांबवून तिने सुई वर केली. तुम्ही विचारताय म्हणून सांगते.

"तुमच्याकडचे कपडे फार स्वच्छ येतात."

कोचना वाटलं कौतुक आहे. ते आभार मानायच्या बेतात होते. तेवढ्यात आत्या उठली आणि आदल्या सामन्याचे न धुतलेले दोन ढीग तिने त्यांच्यासमोर आणून ठेवले. कोच स्टूलवरून पुढे वाकले. एक पँट उचलली, दुसरी उचलली. सत्तेचाळीस नंबरची उचलली आणि मांडीवर धरून बसले. शेवटी म्हणाले, हे कपडे असेच द्या मला, ड्रेसिंग रूममध्ये टांगतो. आत्याने साफ नाही म्हटलं. तिच्या दुकानातून मळका कपडा बाहेर जात नसे. दाखवायचंच असेल तर त्यांना इथे आणा, ती म्हणाली, उद्या दहापर्यंत मी धुवायचं थांबते.

आणि ते खरंच आले. दुसऱ्या दिवशी नऊ वाजता संघाची भलीमोठी बस आमच्या गल्लीच्या तोंडाशी अडकून उभी राहिली आणि अठरा खेळाडू एकामागून एक वाकत पायरी उतरले. दुकानात पाय ठेवायला जागा उरली नाही. वेगवान गोलंदाजाचं डोकं लोखंडी दांडीला लागलं. दोन गिऱ्हाइकं कपडे घ्यायला आली होती, ती कपडे घेऊनही जाईनात. आतोबांनी इस्त्री केलेला सदरा घातला होता आणि ते घामाने भिजले होते.

आत्याला एवढ्या माणसांसमोर बोलायची सवय नव्हती. तिने कोणाकडेच पाहिलं नाही, कपड्यांकडे पाहिलं, आणि मग तिला जमलं. एकेक पँट उजेडात धरून ती नंबर वाचायची आणि डाग सांगायची. बावीस नंबर, मांडीवर कॉफी, दूध जास्त. अकरा नंबर, सह्या करायच्या पेनाची शाई, उजव्या खिशापाशी. तीस नंबर, खिशात चॉकलेट विरघळलंय, कागदासकट. हशा पिकायला लागला. ज्याचा नंबर येईल त्याला बाकीचे ढोसायचे. अठरा नंबर आला तेव्हा ती थांबली. मांडीवर चेंडू घासल्याचा पट्टा आहे, ती म्हणाली, हा माणूस कामाचा दिसतो. वेगवान गोलंदाजाने टेंगूळ चोळत मान डोलावली. सत्तेचाळीस नंबर तिने नुसता वर धरला. मागे दाराशी उभा असलेला एक बुटका, रापलेला माणूस आपल्या बुटांकडे बघायला लागला.

शेवटी सात नंबर आला. कॉलरला उन्हाचं क्रीम लागलंय, आत्या म्हणाली, आणि पँट तिने गुपचूप खाली ठेवली. हशा थांबला. कप्तान म्हणजे संघातला सगळ्यात मोठा माणूस, त्याच्याशी कोणी असं बोलत नसे. तोच पुढे आला आणि त्याने विचारलं, "पँटवर काहीच नाही?"

आत्याने आतोबांकडे एकदा पाहिलं.

"आठ वेळा आली. आमच्या यांनी घातलेली इस्त्रीची घडीसुद्धा मोडली नव्हती."

कप्तानाचे कान लाल झाले. मला वाटलं, आता आपलं काम गेलं. मग तो खाली वाकला, पँट उचलली, घडीवरून बोट फिरवलं आणि आतोबांना म्हणाला, "इस्त्री मात्र झकास आहे, काका." आतोबांना रडू येईल की हसू, हे त्यांनाही कळत नव्हतं. कप्तान आत्याकडे वळून म्हणाला की यापुढे तुम्हाला जरा त्रास होईल. होऊ दे, ती म्हणाली, दुकान त्यासाठीच उघडलंय.

नवव्या सामन्यात सत्तेचाळीस नंबरला पहिल्यापासून घेतलं. त्याने चार धावा केल्या आणि बाद झाला. पण क्षेत्ररक्षणात त्याने एकाला धावबाद केलं, सीमारेषेवर तीन चौकार अंगावर झेलावेत तसे अडवले, आणि त्याचं बघून बाकीचेही जमिनीवर पडायला लागले. सामना हरलेच, फक्त तीन धावांनी. आतोबा रात्री जेवले नाहीत. सकाळी बॅग उघडली तर आतून ओल्या गवताचा वास आला. आत्या खूश. मला आणि माझ्या आईलाही स्पिरिट आणि फडकी देऊन तिने कामाला लावलं. तीन दिवस आमच्या हातांना तोच वास होता. आई म्हणाली, वन्सं, हे लोक हरत होते तेच बरं होतं. आत्या म्हणाली, हरतातच आहेत, फक्त आता मेहनत घेऊन हरतात.

दहावा सामना मात्र जिंकले. शहरात लोकांनी असे फटाके उडवले की जणू स्पर्धाच जिंकली. अकरावा गेला, बारावा जिंकले, तेरावा गेला. तेरांपैकी दोन, आणि तक्त्यात सगळ्यात खाली. वर्तमानपत्रांनी जे लिहायचं ते लिहिलं आणि त्यात खोटं काही नव्हतं. संघ वाईट खेळला होता, उशिरा जागा झाला होता.

चौदावा सामना घरच्या मैदानावर होता, दुपारचा. कोचनी दोन पास पाठवले. आत्या आयुष्यात पहिल्यांदा मैदानावर गेली, जाताना पिशवीत पाण्याची बाटली आणि विणकाम घेतलं. विणकाम बाहेर निघालंच नाही, हे आतोबांनी नंतर आम्हाला पुन्हा पुन्हा सांगितलं. ती चेंडूकडे बघतच नव्हती म्हणे, जो धावेल त्याच्या गुडघ्यांकडे बघत होती. कप्तान एका चेंडूमागे घसरत सीमारेषेपर्यंत गेला तेव्हा सगळं मैदान ओरडलं आणि ही पुटपुटली, "अरे, उजवीकडून नको, तिथली शिवण कच्ची आहे." शेजारच्या माणसाने आदराने विचारलं, तुम्ही संघाच्या डॉक्टर आहात का.

तो सामनाही हरले. खेळाडूंनी मैदानाला फेरी मारली, लोकांनी हरलेल्या संघाला उभं राहून टाळ्या वाजवल्या. सत्तेचाळीस नंबरने त्या दोघांना ओळखलं आणि दुरूनच आपली पँट दोन्ही हातांनी ताणून दाखवली. हिरवीगार. पुढच्या हंगामासाठी संघाने त्याला ठेवून घेतलं. कोचना नारळ दिला, आणि आत्याला याचं फार वाईट वाटलं. ती म्हणाली, सांगितलेलं ऐकणारा माणूस होता.

संध्याकाळी परतताना बसला गर्दी होती म्हणून दोघं चालत निघाले. आतोबा बाराव्या पराभवाने गप्प असतील असं तिला वाटलं होतं, पण ते शीळ घालत होते. वाटेत तिने विचारलं, तो एक जण पायाला चेंडू लागला म्हणून परत गेला, त्यात त्याची काय चूक होती. आतोबा चालता चालता थांबले. एकतीस वर्षं वाट पाहिलेला माणूस जसा बोलेल तसं ते बोलायला लागले. चेंडू कुठे पडला, कुठे लागला, लागला नसता तर कुठे गेला असता. तिने तिन्ही ठिकाणी शंका काढल्या. घराचं दार आलं तरी पायचीत संपलं नव्हतं, तेव्हा दोघं वर न येता पुन्हा कोपऱ्यापर्यंत गेले. मी गच्चीतून बघत होते. आतोबा हातातल्या छत्रीने बॅटसारखा फटका मारून दाखवत होते आणि आत्या मान हलवत म्हणत होती की नाही, मला हे पटलेलं नाही, पुन्हा सांगा.