चपला बाहेर, फिजिक्स आत

बोलणाऱ्या माणसाचे किस्से सांगून सांगून संपतात. न बोलणाऱ्याकडे ते साचत जातात. लग्न होऊन उज्जैनला येऊन मला अजून वर्षही झालेलं नाही. घरात मी बोलते फार कमी, त्यामुळे यांच्या फिजिक्स डिपार्टमेंटचे जे काही किस्से आमच्या फ्रीगंजच्या घरी चहाबरोबर येतात, ते सगळे माझ्याकडे जमा! आता डबा भरलाय. थोडे बाहेर काढते.

हे तिथे लेक्चरर आहेत. डिपार्टमेंट नवं, विद्यापीठ नवं, आणि प्रांतही नवा. जुनं आहे ते फक्त डिपार्टमेंटचं घर. शिंदे सरकारच्या वेळचा, कुण्या सुभेसाहेबांचा बंगला! दिवाणखान्यात वर्ग, मुदपाकखान्यात बॅटऱ्या, आणि डार्क रूम म्हणजे सुभेसाहेबांचं देवघर. त्याला खिडकी नाही, म्हणून ते निवडलं.

देव कधीच गेले. पण बंगल्याची देखरेख करणारे रामप्रसादजी तिथेच राहिले, लॅब असिस्टंट म्हणून. त्यांनी पहिल्याच दिवशी विभागप्रमुख करंदीकर सरांना उंबऱ्यावर अडवलं.

"साब, जूते."

"रामप्रसादजी, आता इथे देव नाहीत."

"देव गए होंगे साब. जगह तो वही है."

सरांनी बूट काढले. तेव्हापासून सगळेच काढतात. प्रकाशाचे सगळे प्रयोग आमच्याकडे मोज्यांवर होतात! कुणाच्या घरी रफू चांगलं होतं, हे अख्ख्या डिपार्टमेंटला ठाऊक आहे. (आमच्याकडे होतं. तेही मीच करते.)

*

प्रांत बदलल्याचा त्रास माणसांपेक्षा स्पेक्ट्रोमीटरला, म्हणजे प्रकाशातल्या रंगरेषा वेगळ्या करून दाखवणाऱ्या यंत्राला, जास्त झाला.

त्याची मागणी गेली तेव्हा उज्जैन मध्य भारतात होतं. मध्य भारताचं सरकार हिवाळ्यात ग्वाल्हेरला आणि उन्हाळ्यात इंदूरला. सरांनी कागद ग्वाल्हेरला पाठवला, तोवर सरकार इंदूरला निघालं. इंदूरला आठवण पाठवली, तर फाईल ग्वाल्हेरलाच राहिलेली. एवढ्यात मध्य भारतच संपला, मध्य प्रदेश झाला आणि सरकार भोपाळला गेलं.

शेवटी एकदाचं खोकं आलं. त्यात स्पेक्ट्रोमीटरचं स्टँड होतं, ज्यातून बघायचं ती दुर्बीण नव्हती! सरांनी तक्रार केली. महिन्याभराने उत्तर आलं की आपण ज्या शासनाकडे मागणी केली होती, ते शासन आता अस्तित्वात नाही, तरी आपण त्यांच्याशीच पत्रव्यवहार करावा.

सरांनी ते पत्र यांना दाखवलं आणि म्हणाले, "जोशी, यासाठी फिजिक्स नाही पुरायचं. प्लँचेट लागेल."

दुर्बीण पुढे सापडली. ग्वाल्हेरच्या कचेरीत एक साहेब तिच्यातून किल्ला पाहायचे म्हणे!

*

रामप्रसादजी माणूस फार भला. पण भलेपणाच्या जोडीला भक्ती असली की बॅटऱ्यांचं काही खरं नाही.

बॅटऱ्यांमध्ये अधूनमधून डिस्टिल्ड वॉटर घालावं लागतं. ते संपलं, आणि सर होते इंदूरला. रामप्रसादजींनी हातावर हात ठेवून बसून राहणं पत्करलं नाही. पहाटे रामघाटावर गेले, आंघोळ केली, क्षिप्रेच्या पाण्याच्या दोन कळशा भरल्या आणि बाराही बॅटऱ्या काठोकाठ भरून टाकल्या. वर प्रत्येकीला कुंकवाचं बोट!

पंधरा दिवसांत बॅटऱ्यांनी माना टाकल्या. सरांनी विचारलं. रामप्रसादजींनी सगळं अभिमानाने सांगितलं.

"अरे, पण शुद्ध पाणी लागतं त्यात!"

"साब, क्षिप्राजी से शुद्ध क्या होगा? आपका वो डिस्टिल पानी किसी को मोक्ष दे सकता है?"

सरांनी एकेका बॅटरीचं झाकण उघडून पाहिलं.

"नहीं दे सकता," ते म्हणाले, "क्षिप्राजी ने दे दिया. बारहों को!"

*

आता माझं थोडं सांगावं लागेल, नाहीतर पुढचं कळायचं नाही.

मी बी.एस्सी. आहे. सांगलीच्या कॉलेजातून, फिजिक्स घेऊन. लग्न ठरताना पत्रिकेशेजारी हेही सांगितलं गेलं होतं, आणि पत्रिकेसारखंच लग्नानंतर ते बासनात गेलं. मला एम.एस्सी. करायचं होतं. इथेच, याच डिपार्टमेंटमध्ये. हे मी यांना एकदा म्हटलं. हे म्हणाले, "बघू, सरांना विचारतो." मग यांनी रोज सरांना बरंच काही विचारलं, ते सोडून!

मी रोज दुपारी एक वाजता टावर चौकातून चालत यांचा डबा घेऊन जायची. डबा खिडकीत ठेवायचा, यांचं जेवण होईपर्यंत बाहेर थांबायचं, मग घेऊन परत.

त्या दिवसांत सर उज्जैनचं भूचुंबकत्व मोजत होते. रेशमाच्या धाग्याला चुंबक टांगलेला, आणि सर त्याची आंदोलनं मोजताहेत. सगळं ठीक, पण रोज एक वाजता आकडा बदलायचा! दीड वाजता पुन्हा जागेवर. तीन आठवडे हेच. सरांची झोप उडाली. उज्जैनवरून कर्कवृत्त जातं, जुन्या ज्योतिष्यांची मध्यरेषाही इथूनच जाते, तेव्हा इथे काहीतरी विशेष असणारच, असं ते यांना म्हणाले. लेखाचं नावसुद्धा ठरलं. 'अवंतीचा मध्यान्ह-विक्षेप'!

हे घरी येऊन मला कौतुकाने सांगत होते. मी पोळ्या लाटत होते. म्हटलं, "रविवारी होतो का?"

"रविवारी? नाही. रविवारी आकडा नीट असतो. का गं?"

"काही नाही. उद्या डबा बाहेर पायरीवर ठेवीन."

आमचा डबा पितळी, पण त्याची कडी आणि बाजूच्या पट्ट्या चांगल्या जाड लोखंडाच्या. आणि ती खिडकी चुंबकापासून दोन हातांवर!

दुसऱ्या दिवशी एक वाजता काहीही घडलं नाही. सर घड्याळाकडे बघताहेत, चुंबकाकडे बघताहेत, आकाशाकडे बघताहेत. शेवटी यांनी खरं सांगून टाकलं. सर बाहेर आले. पायरीवर मी आणि डबा.

"सूनबाई, तुम्ही फिजिक्स शिकलायत?"

मी मान हलवली.

"मग तीन आठवडे गप्प का होतात?"

"मला कुणी विचारलं नाही."

*

त्याच संध्याकाळी सर आमच्या घरी आले. एम.एस्सी.चा वर्ग सुरू करायला किमान सहा विद्यार्थी हवेत, असा वरचा नियम. सरांकडे पाच मुलं होती. भोपाळहून कमिटी यायची होती, आणि त्या दिवसापर्यंत सहावा नसेल तर वर्ग नाही. सर सासूबाईंना म्हणाले, "वहिनी, सूनबाईंना आमच्याकडे पाठवा. वर्ग वाचेल आमचा."

सासूबाईंचं माहेर उज्जैनचंच. माणूस प्रेमळ, पण जबान टोकदार.

"हे बघा करंदीकर, नवरा मास्तर आणि बायको बेंचवर! पास झाली तर दुनिया म्हणेल, पेपर घरातच फुटला. फेल झाली तर म्हणेल, घरात झगडा आहे. आम्ही कोणाकोणाचं तोंड बंद करायचं? शंकरपाळे घ्या."

सरांनी शंकरपाळे घेतले आणि गेले. हे छताकडे बघत होते. मी कपबश्या उचलल्या.

दुसऱ्या दिवशी मी डब्याबरोबर ऑफिसातून प्रवेशाचा एक कोरा फॉर्म घेऊन आले. भरला मात्र नाही. डब्याच्या पिशवीत तळाशी घडी करून ठेवला. तिथे तो आठ दिवस होता. रोज जायचा, रोज यायचा.

*

कमिटी आली. जेवण आमच्याकडून होतं. भाजी-पोळी आणि श्रीखंड. एवढं एकटीला नेणं शक्य नव्हतं, म्हणून सासूबाईही आल्या. बंगल्याशी येताच त्या थबकल्या.

"अगं, हा तर सुभेसाहेबांचा बंगला! लहानपणी मी इथे हळदीकुंकवाला यायची. देवघर कुठे आहे?"

रामप्रसादजींनी दाखवलं. सासूबाईंनी चपला काढल्या, डोक्यावर पदर घेतला आणि काळा पडदा सारून सरळ आत!

आत यांनी स्पिरिटच्या दिव्यात मीठ टाकून सोडियमची पिवळी ज्योत केली होती आणि तिच्यासमोर स्पेक्ट्रोमीटर मांडला होता. पाचही मुलं भिंतीशी उभी. मी बाहेर चपलांपाशी. सगळं ऐकू येत होतं.

"हे काय रे? मीठ जळतंय? आणि या नळीत काय आहे?"

"आई, बघ आणि पटकन बाहेर जा. कमिटी येतेय."

बघून होईस्तोवर कमिटी आलीच. उंबऱ्यावर रामप्रसादजी.

"साब, जूते."

"ये लेबोरेटरी है या मंदिर?" अध्यक्ष म्हणाले.

"पहले मंदिर था साब, अब लेबोरेटरी है. जूते दोनों में नहीं चलते."

तिन्ही साहेब मोज्यांवर आत गेले, मागून सर. दार अरुंद. सासूबाई अंधारात मुलांच्या रांगेत शेवटी उभ्या राहिल्या असणार, कारण बाहेर काही त्या आल्या नाहीत.

"सोडियम की दो लाइनें दिखनी चाहिए," अध्यक्षांचा आवाज आला. "मुझे तो एक ही दिख रही है. प्रोफेसर, आपका यंत्र ठीक नहीं है."

माझ्या डोळ्यांसमोरून अख्खा वर्ग वाहून गेला.

"दो हैं!" सासूबाईंचा आवाज. "एकदम बाजू-बाजू में. बीच में बारीक सी जगह है, सुई के नाके जैसी. चष्मा पोंछके देखो ना!"

कुणीतरी चष्मा पुसला असावा.

"अरे हां. दो हैं!"

साहेब बाहेर आले ते खुशीत. बूट चढवता चढवता सेक्रेटरीला म्हणाले, "लिखो. पांच लड़के, एक लड़की, कुल छह. मैंने खुद गिने हैं. और लड़की की नज़र सबसे तेज़ है!"

सरांनी तोंड उघडलं. मिटलं. साहेब श्रीखंडाकडे गेले.

सासूबाई पडदा सारून बाहेर आल्या. आरामात चपला घातल्या. डोक्यावरचा पदर नीट केला. मग माझ्याकडे न बघताच म्हणाल्या,

"पिशवीतला तो फॉर्म आजच भरून टाक. मी रोज रोज कुठवर येणार?"