तुळसाबाईंची आळशी माती

नवी माती दिसली की तुळसाबाई आधी चिमूटभर जिभेवर ठेवत. श्रीगोंदा तालुक्यातल्या आमच्या पाझर तलावाच्या कामावर त्या पहिल्यांदा आल्या, तेव्हा हजेरीपुस्तक उघडून मी नाव विचारलं. त्यांनी हातानेच 'थांबा' अशी खूण केली. तोंडात माती होती.

बाहत्तरचा दुष्काळ होता. मी नगरहून आलेला बावीस वर्षांचा हजेरी कारकून, आणि त्या पन्नाशीच्या कुंभारीण. पाण्यावाचून चाक बंद पडलं, म्हणून खोदकामाला आलेल्या. खड्ड्यात कुणी कुदळ आपटायला लागलं की त्या म्हणत, "मातीला विचारून घाव घाल. ती सांगती कुठं फुटायचं ते."

खड्डा कमरेएवढा झाला तेव्हा निळसर मातीचा एक पट्टा लागला. तुळसाबाईंनी सवयीप्रमाणे चव घेतली आणि त्या इतका वेळ निश्चल राहिल्या, की मी घाबरून पाणी आणायला पळालो. परत आलो तेव्हा त्या शांतपणे म्हणाल्या, "ही माती आळशी हाय. लई आळशी."

घरी नेऊन त्यांनी तिची दोन मडकी केली. एकेक घडवायला चार दिवस लागले, म्हणे. चाक फिरायलाच तयार नव्हतं. मग सकाळची भाकरी त्यातल्या लहान मडक्यात घालून त्या कामावर आणू लागल्या. संध्याकाळी झाकण काढलं तरी वाफ यायची. माझा विश्वास बसेना. मी दहा वाजता माझं मनगटी घड्याळ त्यात ठेवलं आणि पाच वाजता काढलं. घड्याळ व्यवस्थित चालू होतं आणि त्यात दहा वाजून दहा मिनिटं झाली होती.

ओव्हरसिअर पाठक साहेबांना मात्र याचं काहीच नवल वाटलं नाही. सरकारी खड्ड्यातल्या मातीची खाजगी मडकी कुणाच्या परवानगीने केली, एवढंच त्यांनी माझ्याकडून लेखी मागितलं. मी उत्तराचा मसुदा करत होतो, आणि तिसऱ्याच दिवशी सकाळी आठला, दगडांचा ढीग तपासताना साहेबांच्या डाव्या घोट्याला घोणस चावली.

सगळे ओरडत असताना तुळसाबाईंनी साहेबांचा बूट ओढून काढला, पाय कामावरच आणून ठेवलेल्या मोठ्या मडक्यात घातला आणि पोटरीपर्यंत ओली निळी माती ठासून भरली. मडक्यासकट साहेबांना पाण्याच्या ट्रकमध्ये चढवलं. मी सोबत होतो. वाटेत ट्रक दोनदा पंक्चर झाला. तेवढ्या वेळात साहेबांनी मला दोनदा विचारलं, की ही माती वापरल्याची नोंद कुठल्या रजिस्टरात करणार.

तालुक्याच्या दवाखान्यात पोचायला बारा वाजले. डॉक्टरांनी पाय बाहेर काढला. सूज नव्हती, रक्त ताजं होतं. आठ वाजता चावलंय म्हटल्यावर ते माझ्यावरच भडकले. दहा मिनिटंसुद्धा झालेली नाहीत, खोटं कशाला बोलता, म्हणाले. त्यांनी इंजेक्शन दिलं आणि साहेब वाचले.

पण पाय मात्र चार तास मागे राहिला तो राहिलाच. साहेब सहाला उठत, पाय दहाला. तोवर ते त्याला फरफटत पाहणी करत. रात्री नऊला साहेबांना झोप यायची, तर पायाला संध्याकाळचे पाच वाजल्यासारखं फिरायला जायचं असायचं. तुळसाबाईंपुढे मात्र त्यांनी पुन्हा परवानगीचं नाव काढलं नाही. उलट एकदा माझ्यादेखत त्यांना वाकून नमस्कार करायला गेले आणि डावा पाय वाकेना म्हणून तसेच अर्धवट उभे राहिले.

ही गोष्ट गावोगाव पसरली. आठवड्यात माणसं जमायला लागली. एका म्हाताऱ्या शेतकऱ्याने सगळ्यांच्या मनातलं बोलून दाखवलं. तुळसाबाईंनी या मातीची घराएवढी कणगी करावी, बायकापोरांसकट सगळे आत बसतील, आणि पाऊस पडला की बाहेरून कुणीतरी ठोठावावं. दुष्काळ चार घासांत सरेल. लोकांनी माना डोलावल्या. खरं सांगायचं तर मीही डोलावली. घरची आठवण, उन्हाचा ताव, रेशनच्या लाल गव्हाची भाकरी, सगळं चार दिवसांत संपलं असतं.

तुळसाबाईंचीही दोन नातवंडं घरी अर्धपोटी होती. पण त्या म्हाताऱ्याला म्हणाल्या, "आबा, समदीच आत बसली, तर पाऊस आल्यावर त्येचं पानी थांबायचं कुठं? तळं कोन खांदल?"

तुळसाबाईंनी दोन्ही मडकी दगडावर फोडली, खापऱ्या आणि उरलेली निळी माती घमेल्यात भरली आणि तलावाच्या भिंतीच्या गाभ्यात ओतली. भिंत टिकायला हवी, एवढंच म्हणाल्या. नंतर हात झटकून त्या माती वाहणाऱ्यांच्या रांगेत उभ्या राहिल्या. त्यांच्यामागे तो म्हातारा उभा राहिला, आणि त्याच्यामागे, हजेरीपुस्तक दगडाखाली दाबून ठेवून, मी.