नगर जिल्ह्यातले तीन डंकन

माझं नाव डंकन वाकचौरे. हसून झालं असेल तर पुढं वाचा.

नाव स्कॉटलंडचं, घर शेतकऱ्याचं, कुलदैवत खंडोबा. शाळेत नवीन गुरुजी आले की हजेरी घेताना माझ्या नावापाशी थांबून चष्मा पुसायचे. लग्न ठरताना सासरच्या मंडळींनी दोनदा येऊन आमचं देवघर बघितलं. सगळ्यांना मी एकच उत्तर देत आलो. ते मला दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी दिलेलं. राहात्याजवळच्या मिशन दवाखान्यात मी जन्मलो, जगण्यातला नव्हतो, डॉक्टर डंकन नावाच्या स्कॉटिश डॉक्टरनं उशाशी बसून मला वाचवलं, म्हणून दादांनी त्याचंच नाव मला ठेवलं. दादा जाऊन नऊ वर्षं झाली. मोजकं बोलणारा माणूस. ही एवढी एक गोष्ट ते सुरुवातीपासून शेवटपर्यंत सांगायचे, त्यामुळे मला ती फार प्रिय.

निवृत्तीनंतर रिकामपणी एकदा फेसबुकवर स्वतःचंच नाव शोधलं. नगरचे डंकन शेख सापडले. त्यांना फोन लावला तर म्हणाले, "कोल्हारला अजून एक आहे. खर्डे. ऊसवाला." तिघांचाही जन्म त्याच दवाखान्यातला. मला वाटलं, या दोघांकडून त्या डॉक्टरबद्दल, माझ्या जन्माबद्दल आणखी काही कळेल. सुमन, माझी बायको, म्हणाली, "चला, तुमचं संमेलन भरवून येऊ."

जानेवारीतल्या एका शनिवारी सकाळी सहाला पुण्यातून निघालो. शिक्रापूर ओलांडेपर्यंत गर्दी लागते, म्हणून जितक्या लवकर निघाल तितकं बरं. शिरूर सोडलं की रस्ता मोकळा होतो. सुप्याच्या पुढं मिसळ खाल्ली. दोघांची, वर चहा, दोनशेच्या आत. रस्सा तिखट असतो, लहान मुलं बरोबर असतील तर आधी सांगून ठेवा. साडेनऊला नगरात.

शेखभाईंचं रेडिएटर दुरुस्तीचं दुकान एमआयडीसीच्या रस्त्याला आहे. माणूस साठीचा, अंगावर निळा डगला, हात कोपरापर्यंत काळे. मनगट पुढं करत म्हणाले, "या, डंकनसाहेब." मी म्हणालो, "बसा, डंकनभाई." सुमन तोंडावर पदर घेऊन हसत राहिली.

त्यांची गोष्ट मात्र निराळी निघाली. "आमचे अब्बा डॉक्टरच्या जीपचे मेकॅनिक. दोस्तीच होती म्हणा ना. डॉक्टर म्हणाला, तुझ्या मुलाला माझं नाव दे. अब्बांना नाही कसं म्हणता येणार?" हे सांगताना त्यांनी काम थांबवलं होतं. मी माझी गोष्ट सांगितली. त्यांनी ती नीट ऐकून घेतली आणि म्हणाले, "असेल. डॉक्टर मोठ्या दिलाचा होता." दुकान सोडता येत नव्हतं, त्यामुळे ते पुढं आले नाहीत, पण आम्हाला जेवल्याशिवाय सोडलंही नाही.

नगर-मनमाड रस्त्याबद्दल जेवढं कमी बोलावं तेवढं बरं. राहुरीपासून पुढं उसाच्या ट्रॅक्टरांची रांग, एकेका ट्रॅक्टरला दोन-दोन ट्रॉल्या. ओव्हरटेकची घाई करू नका. कोल्हारचा प्रवरेवरचा पूल आला की गाडी बाजूला घेऊन पाच मिनिटं उतरा. पाणी संथ होतं, काठावर कुणी गोधड्या वाळत घातल्या होत्या. मला तिथून निघावंसं वाटेना.

डंकन खर्डे रस्त्यावरच उभे होते. सहा फूट, पांढरी टोपी. गावात त्यांना सगळे डंकूनाना म्हणतात. वस्तीवर पुन्हा जेवण, भाकरी, मेथी आणि ठेचा. जेवताना मी विषय काढला.

"आमच्या आज्ज्यानं डॉक्टरला बैल दिल्ता," नाना म्हणाले. "लई सुदा बैल. डॉक्टर छकड्यातनं गावोगाव फिरायचा. त्याची आठवन म्हनून माझं नाव."

"जीप होती ना त्याच्याकडं?" सुमननं विचारलं.

"जीप मागनं आली आसंल. आदी बैल हुता."

एकच डॉक्टर, तिघांच्या घरांशी सारखाच जवळचा. मला जरा खटकलं. नाना म्हणाले, राहात्याला सिस्टरबाई आहेत, त्याच दवाखान्यात नोकरी केलेल्या, त्यांनाच विचारू. टोपी नीट करून ते गाडीत मागं बसले.

सिस्टरबाई ब्याऐंशीच्या. पुतण्याकडं राहतात, पेरूच्या बागेला लागून घर आहे. दवाखाना कधीच बंद झाला. आम्ही दोघांनी नावं सांगितली तशा त्या इतक्या हसल्या की पुतण्या पाणी घेऊन आला.

"अजून आहात होय रे तुम्ही?" म्हणाल्या. मग शांतपणे सांगितलं. "जन्माच्या कागदावर नावाचा रकाना असायचा. तो मोकळा ठेवलेला डॉक्टरांना खपत नसे. आणि तुमच्या बाया तर बारशाच्या आधी नाव सांगायच्या नाहीत, मुसलमानांचंही तसंच, काही दिवस थांबायचे. मग आमचा क्लार्क मुलगा झाला की डॉक्टरांचं नाव लिहून टाकायचा आणि मुलगी झाली की मोठ्या सिस्टरचं. निघताना प्रत्येकाला बजावायचो, बारसं झालं की या, खोडून खरं नाव लिहू. बहुतेक येत. काही आलेच नाहीत. शाळेत तोच कागद दाखवायचे."

"मग आमचा बैल?" नानांनी विचारलं.

"डॉक्टरांना बैलाची भीती वाटायची, बाबा."

नाना मांडीवर थाप मारून हसले. मी विचारलं, "एखादं मूल वाचवलं म्हणून आईबापांनी नाव ठेवलं, असं?" त्या म्हणाल्या, "तेव्हा सगळीच मुलं वाचवावी लागायची. तुमचं मला आठवत नाही."

नानांना कोल्हारला सोडलं. उतरताना म्हणाले, "बैल म्या सोडनार न्हाई. घरी बोलू नका कुनाकडं." पुतण्यानं दिलेल्या पेरूंचा वास गाडीभर सुटला होता. हिवाळ्यात इकडं येणार असाल तर राहात्याचे पेरू रस्त्यावरच घ्या, चांगले मिळतात. मला मात्र, खरं सांगतो, वाईट वाटलं होतं. साठ वर्षं मी ज्या गोष्टीच्या जोरावर हे नाव वागवलं, ती म्हणजे एका माणसानं दवाखान्यात परत जायचा केलेला कंटाळा? आणि तो माणूस माझा बाप?

"दादा कंटाळा करणारे होते का?" सुमननं विचारलं. नव्हते. पोस्टाच्या एका सहीसाठी भर उन्हात दोन मैल जाणारे होते. म्हणून तर आणखी लागलं.

नगरला मुक्काम करून रविवारी दुपारी घरी पोचलो. आई चौऱ्याऐंशीची आहे, कान आणि डोकं दोन्ही शाबूत. ती मेथी निवडत बसली होती. मी समोर बसलो आणि सिस्टरबाईंनी सांगितलेलं जसंच्या तसं सांगितलं. शेवटी विचारलं, "दादा नाव बदलायला का नाही गेले?"

"त्ये निगाले हुते," आई म्हणाली. "पायात चपला घातल्या हुत्या. म्याच जाऊ दिलं न्हाई."

ती मेथीची पानं खुडत राहिली आणि बोलत राहिली. "तुझ्या आदी दोन झाले. दोन्ही पोरगेच. दोगांचं बारसं केलं, पाळना बांदला, गावजेवान घातलं. एक महिन्यानं गेला. दुसरा चाळीस दिसांनी. मंग तुझ्या येळंला म्या ठरवलं, पाळनाच बांदायचा न्हाई. कुनी दगडू ठेवतं, कुनी धोंडू ठेवतं, सटवाईची नजर चुकवाया. माझ्याकडं तर आयतं कागदावर साहेबाचं नाव हुतं. म्हनलं, हाय त्येच ऱ्हाऊ द्या. ती शोदत आली तर तिला वाटंल, ह्ये पोर या घरचं न्हाई."

माझ्याआधी दोघं होते, हे मला एकसष्टाव्या वर्षी कळलं. सुमन स्वयंपाकघराच्या दारात तशीच उभी राहिली होती.

"दादा मग डॉक्टरचं का सांगायचे?"

"मंग ल्हान पोराला काय सांगनार? ह्ये सांगनार?"

मी उठून तिच्या शेजारी खाली बसलो. दादांवर कालपासून मनातल्या मनात चिडलो होतो, त्याची लाज वाटली. या बाईनं साठ वर्षं मला पोरा, बाळा, अरे एवढीच हाक मारली. मला वाटायचं, इंग्रजी नाव तिच्या तोंडात बसत नसेल.

नगर जिल्हा बघायला जरूर जा. रस्ता खराब आहे, माणसं चांगली आहेत, खायला कुठंच कमी पडत नाही. शेखभाई आणि नानांना मी आईचं हे अजून सांगितलेलं नाही. त्यांच्या आया आता नाहीत, आणि अब्बांची दोस्ती, आज्ज्याचा बैल त्यांच्याजवळ आहे ते बरं आहे.

त्या दुपारी मी आईला शेवटचं एक विचारलं. "माझं नाव काय ठेवणार होतीस?"

"ठरवलंच न्हवतं. तू ऱ्हाशील आसं वाटलं न्हवतं."

"मग आता ठेव की. आता काय भीती आहे?"

तिनं मेथीच्या काड्या गोळा केल्या, माझ्याकडं बघितलं आणि मान हलवली.

"नको, पोरा," म्हणाली. "एवढी वर्सं निभावली. आता कशाला तिला पत्ता द्यायचा?"