ट्राउटला ऊन पाणी

वेंगुर्ल्याच्या मोटारस्टँडवर बाबा मला पोचवायला आले ते रडायला नव्हे, दम द्यायला. "थंय टिकान रव. सा म्हयन्यांत परत इलस तर लोक हसतले." लोक हसतील ही भीती मला बेंगळूर येईपर्यंत पुरली. पुढे त्यांना हसायला कारणं मीच पुरवली.

राज्यांची फेररचना नुकतीच झाली होती. एका कॉलेजच्या प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत मला सहा महिन्यांच्या बोलीवर घेतलं. मुलाखतीत राव सरांनी विचारलं, "माशांची माहिती आहे का हो?" मी छाती काढून सांगितलं, "सर, घरामागेच समुद्र आहे." ही माहिती आमटीपलीकडे जात नव्हती, एवढं मात्र गाळलं.

चामराजपेटेतल्या खोलीत मी ट्रंक कधी रिकामी केली नाही. सदरा काढायचा आणि झाकण लावायचं. जीव तिथे रमेना. घरच्या पत्रासाठी पोस्टमन दिसला की मी जिन्यात, नाही दिसला तरी जिन्यात.

पाचव्या महिन्यात निलगिरीच्या ओढ्यांतले सहा ट्राउट मासे लॉरीतून आले, बर्फ घातलेल्या पिंपात. "टाकीत सोडा, वर्ग घेऊन आलोच," म्हणून सर गेले. मासे सोडून मी टाकीत हात घातला तर बोटं बधिर! डिसेंबरातली सकाळ, त्यात हे जीव एवढा घाट उतरून आलेले. आमच्या आईची रीत अशी की प्रवासातून आलेल्याला आधी ऊन पाणी. पाव्हण्याला न्हाणीत ढकलायची आणि मग नाव विचारायची. मी घागरभर पाणी तापवलं आणि टाकीत ओतलं.

मासे वर येऊन तोंडं उघडमीट करू लागले. मला वाटलं, आभार मानतायत.

इतक्यात आमचे जुने शिपाई चन्नप्पा अण्णा आले. पाण्यात बोट बुडवून ओरडले, "अय्यो, बिसि नीरा? गरम पाणी? मासा शिजवतोस काय रे!" आणि बर्फासाठी धावले. बर्फ आला तोवर चार मासे पोट वर करून तरंगत होते.

सर ओरडले नाहीत. त्यांनी खुर्ची ओढली. त्यांचं मराठी चामराजपेटेत पिढ्यांपासून मुरलेल्या मराठी घरातलं, मध्ये मध्ये कानडी. "स्वल्प ऐका. माशाला स्वतःची ऊब नसते. पाणी तापलं की तोही तापतो, शरीर भरभर चालतं, श्वास जास्त लागतो. आणि तापलेल्या पाण्यात हवा कमी मुरते. गरज वाढली, पुरवठा घटला, सरी? बरोबर ना? उत्तरेच्या थंड समुद्रातला मासा तुमच्या वेंगुर्ल्याच्या पाण्यात याच कारणानं गुदमरेल. त्याचा सगळा देहच गारव्यासाठी घडलेला असतो."

"सर, ट्रंक भरलेलीच आहे," मी म्हणालो.

"राहू द्या. दोन मासे उरलेत. जगवून दाखवा, मग बघू."

पुढचा महिनाभर मी त्या दोघांचा गुलाम होतो. हातात थर्मामीटर, डोक्यावर बर्फाची लादी. पारा चढला की मी लादी फोडायला बसायचो. चन्नप्पा अण्णा जाता-येता विचारायचे, "पाव्हण्यांची अंघोळ झाली काय?"

दोघे जगले. मला कायम केल्याचा कागद आला. धावत जाऊन बाबांना पत्र लिहायला बसलो, आणि 'कायम' हा शब्द लिहिताना पेन अडलं. हसणाऱ्यांच्या भीतीत एक गोष्ट ध्यानातच आली नव्हती: आता परत जायचं नव्हतं.

त्याला दहा वर्षं झाली. गेल्या मे महिन्यात रजेवर घरी गेलो. जेवून पडवीत बसलो होतो, घामानं सदरा पाठीला चिकटलेला. आई विंझण्यानं वारा घालत होती. मी सहज बोलून गेलो, "आमच्याकडे एवढं उकडत नाही गं."

विंझणा थांबला. "तुमच्याकडे?" एवढंच विचारलं तिनं, आणि पुन्हा वारा घालू लागली, जरा जोरात.

तिला सांगायचं राहिलं, की बेंगळुरात जेवायला बसलो की मी बायकोला रोज म्हणतो, "आमच्याकडे आमटी अशी नसते."