मला दिसत होतं

माझी नात पहिलीत आहे. शाळेतून आणलेलं चित्रांचं पुस्तक उघडलं की तिचा आवाज एकदम बारीक व्हायचा. एका पानावर जेमतेम दोन ओळी, पण अडखळली की ती आईच्या चेहऱ्याकडे बघायची. आई, म्हणजे माझी सून, ऑफिसातून दमून आलेली. ती पटकन शब्द सांगून टाकायची. मग नात पुस्तक मिटायची. "मला नाही येत."

एका दुपारी पुस्तक घेऊन ती माझ्याकडे आली. "आजोबा, तुम्हीच वाचा."

"हल्ली मला अक्षरं नीट दिसत नाहीत गं," मी म्हणालो. "तू वाच, मी ऐकतो."

ती 'म्हैस'वर अडली. चित्र पाहिलं, पुन्हा अक्षरांवर बोट ठेवलं आणि बरोबर वाचलं. चूक पकडणारं कुणी नव्हतं ना! मग रोजच वाचू लागली. आवाज खणखणीत झाला. शिवाय चित्रंही मला समजावून सांगायची, "म्हैस चिखलात बसलीये, फक्त डोकं बाहेर आहे." मी खुशीत होतो. पेपर तेवढा ती शाळेत गेल्यावर वाचायचो.

पुढे आमच्या वारज्याच्या सोसायटीत जिना उतरताना ती माझा हात धरू लागली. वॉचमनकाकांनाही बजावलं, "आजोबांना दिसत नाही, लक्ष ठेवा." मी ते हसण्यावारी नेलं. एका संध्याकाळी सून म्हणाली, "बाबा, ती रडतेय. आजोबा आंधळे होणार का, विचारतेय."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिच्याजवळ जाऊन बसलो.

"मला दिसतं गं. तू वाचावंस म्हणून तसं म्हणालो."

ती डोळे पुसत बघत राहिली. "म्हणजे मी चुकायचे, ते तुम्हाला दिसायचं?"

"हो."

"सगळं?"

"सगळं," मी कबूल केलं.

त्यानंतर ती आतल्या खोलीत दार लोटून वाचू लागली. सून म्हणते, "वाचतेय ना बाबा, झालं तर मग." वाचतेय, खरंच. पण एवढ्याशा जिवाला माझी काळजी करायला लावली, ते मनातून जात नाही.

परवा दाराशी रेंगाळलो होतो. तिने दार उघडलं. "आत या. पण मध्ये बोलायचं नाही."

मी कॉटच्या कडेला बसलो. पान संपल्यावर तिने विचारलं, "बरोबर होतं?"

"एक शब्द चुकला."

"सांगू नका हं," म्हणत ती पहिल्या ओळीपासून बोट फिरवू लागली.