पूलकाकांचा नारळ

प्रिय ईरा आणि निहार,

रविवारी व्हिडिओ कॉलवर तुम्ही विचारलंत, "आजी, तुझ्या फ्रिजवर कोकोनटचा फोटो का आहे?" कॉलवर तुमचे आईबाबाच जास्त बोलतात, म्हणून लिहून पाठवते. तिकडे बॉथेलला निवांत वाचा. अडलं तर आईला विचारा.

तो नारळ पूलकाकांचा. ते आमचे अ‍ॅशबर्नचे शेजारी, नागपूरचे निवृत्त इंजिनिअर, इथे अमेरिकेत मुलाकडे राहायला आलेले. जन्मभर सिमेंटचे पूल बांधलेला हा माणूस लाकूड दिसलं की बोटांनी टकटक करून कान लावायचा. आमच्याकडे पहिल्यांदा आले तेव्हा बेल सोडून त्यांनी दाराबाहेरचा खांबच वाजवला. दार उघडलं तर म्हणाले, "नमस्कार वहिनी. हा खांब पोकळ आहे." सत्यनारायणाला त्यांनी चौरंग वाजवून पाहिला. भटजी थांबले. "चालू द्या," काका म्हणाले, "मजबूत आहे."

त्यांचा जीव मात्र एकाच पुलावर. घरापासून तासाभरावर, नदीपलीकडच्या खेड्यात, ओढ्यावर एक जुना लाकडी पूल आहे. लाल रंगाचा, भिंती आणि छप्पर असलेला. आत फळ्यांची तिरपी जाळी, आणि ती सगळी खिळ्यांऐवजी ओकच्या खुंट्यांनी जोडलेली. भारतातून कोणाचेही आईवडील आले की काका त्यांना तिथे न्यायचे. एका पाहुणीने विचारलं, "छप्पर कशाला? लोक भिजू नयेत म्हणून?"

काका कळवळले. "माणूस भिजला तर टॉवेलने पुसता येतो हो! लाकूड भिजलं की कुजतं. छप्पर पुलासाठी आहे. तुम्ही फुकट उभ्या आहात."

पुढे पूल मोटारींना बंद झाला. गावाने दुरुस्ती ठरवली: नवं छप्पर, नवा रंग, बस. काका गावच्या सभेला गेले. "छप्पर गळतंय तिथे खालची तुळई आतून कुजली आहे. ती बदलली नाही तर पूल ओढ्यात जाईल," असं त्यांनी उभं राहून तीनदा सांगितलं. काम घेतलेला सुतार जिम नम्रपणे म्हणाला, "सर, ती ओकची आहे. आपल्या सगळ्यांना पुरून उरेल." घरी येऊन काका दोन दिवस जेवले नाहीत. काकूंच्या मते एकच दिवस.

काम सुरू व्हायच्या सकाळी आम्ही दोन गाड्या भरून गेलो. नारळ फोडल्याशिवाय कामाला हात लागणं काकांना मान्य नव्हतं. पुलाच्या तोंडाशी वाकून त्यांनी हळदकुंकवाचा नारळ दणकन आपटला. तो फुटला नाही. तुळईत अर्धा रुतून बसला.

मी तेवढ्यात फोटो काढला, तोच फ्रिजवर आहे. जिमने नारळ उपटला, भोकात हात घातला आणि मूठभर ओला भुसा बाहेर काढला. "ओ माय गॉड."

"आमच्याकडची तपासणीची पद्धत," काका म्हणाले.

"कसली पद्धत!" काकू माझ्या कानाशी पुटपुटल्या. "नेम शेजारच्या दगडावर होता. चष्मा गाडीत राहिलाय."

तुळई बदलली. शेवटची खुंटी ठोकायला जिमने काकांनाच बोलावलं. ती जराशी वाकडी बसली. जिम सरळ करायला निघाला, तर काका म्हणाले, "राहू दे. मला ओळखायला बरी."

काकांना जाऊन दोन वर्षं झाली. गेल्या महिन्यात काकूंना घेऊन मी तिथे गेले होते. जन्मभर नवऱ्याच्या टकटकीला वैतागलेल्या काकूंनी त्या खुंटीवर बोटांनी टकटक केली, कान लावला आणि म्हणाल्या, "मजबूत आहे."

पूल उभा आहे. छप्पर गळत नाही. आत शिरल्यावर डावीकडची तिसरी खुंटी अजून वाकडीच आहे.